दोन चंद्रांचं पंचांग: कादंबरीसाठी की लेखकाच्या हौसेसाठी?

खडूफळा
आठ महिने खपून माझ्या काल्पनिक जगाचं कॅलेंडर बसवलं. वर्ष ३८४ दिवसांचं. चंद्र दोन: थोरला ३२ दिवसांनी भरतो, धाकटा २० दिवसांनी. महिना थोरल्यावर चालतो, त्यामुळे बारा महिने वर्षाला बरोबर पुरतात. दोघे एकाच रात्री भरले की 'जोडपुनव', ती दर १६० दिवसांनी. पाच वर्षांत बारा जोडपुनवा आणि मग सगळं चक्र पहिल्यापासून. एक्सेलमध्ये दोन हजार ओळी टाकून तपासलं, एका दिवसाचाही फरक पडत नाही.

माझं मत: कल्पित जगाला स्वतःचं कॅलेंडर नसेल तर ते जग उसनं वाटतं. ड्रॅगन उडतोय आणि खाली 'जून महिना' लिहिलंय, की माझा तरी विरस होतो. विरोध असेल तर कारणासकट मांडा.

पान ४२
विरोध आहे. पहिल्या प्रकरणाची सुरुवात तुम्ही मला वाचायला दिली होती: 'करडमासाच्या एकोणिसाव्या दिवशी, धाकट्याच्या उतरत्या कलेत, ती घाटावर आली.' तारीख कळली. थंडी होती का? अंधार होता का? घाटावर आणखी कोणी होतं का? काही पत्ता नाही. वाचक बोटं मोजत बसत नाही हो, तो ती ओळ ओलांडून पुढे जातो. 'नदीला पाणी चढायच्या आदल्या रात्री' असं लिहिलं असतं तर मी थांबलो असतो.

शिवाय मुलगी सोळा वर्षांची म्हणता. सोळा गुणिले ३८४ म्हणजे ६१४४ दिवस. आपल्या हिशेबाने ती सतराला दोन महिने कमी. हे तुमच्या लक्षात आहे, की मलाच मोजावं लागलं?

आणि 'जून'चं म्हणाल तर तुमची पात्रं मराठी बोलतात ते चालतं ना? मग जूनही चालावा. तोही अनुवादच समजायचा.

अधिक_उणे
मला दोघांचंही पटत नाही. 'एका दिवसाचाही फरक नाही' हाच या कॅलेंडरचा दोष आहे.

आपल्या आकाशात काहीच कशात नीट बसत नाही. चांद्रमास सुमारे २९.५३ दिवसांचा, असे बारा म्हणजे ३५४ दिवस आणि सौर वर्ष ३६५.२४ दिवसांचं. दरवर्षी अकरा दिवसांची तूट. आपलं पंचांग ती अधिक महिना घालून भरून काढतं. हिजरी कॅलेंडर भरतच नाही, म्हणून रमजान साधारण ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. १९ सौर वर्षांत २३५ चांद्रमास बसतात म्हणावं, तर तिथेही दोनेक तासांचा फरक उरतोच.

आता तुमच्या थोरल्याला ३२ ऐवजी ३२.१ दिवस द्या. बारा महिने झाले ३८५.२ दिवसांचे. वर्षाला १.२ दिवस जादा, म्हणजे साधारण २७ वर्षांत एक अख्खा महिना जादा. आपण महिना घालतो, तुमच्या लोकांना गाळावा लागेल. क्षयमास! आपल्याकडेही तो येतो, पण कधी १९ वर्षांनी, कधी थेट १४१ वर्षांनी. तुमच्या जगात तो प्रत्येकाच्या आयुष्यात दोनतीनदा येईल. ज्याच्या कर्जाची मुदत त्या महिन्यात संपत होती त्याचं काय? त्या महिन्यात जन्मलेल्यांचं वय त्या वर्षी वाढतं का? इथे गोष्ट आहे. दोन हजार ओळींत नाही.

खडूफळा
अहो, ३२.१ केलं तर जोडपुनव मोडते.

अधिक_उणे
मोडू दे की! धाकट्याच्या आठ पौर्णिमा १६० दिवसांत, थोरल्याच्या पाच १६०.५ दिवसांत. पहिल्या खेपेला अर्ध्या दिवसाचा फरक, पुढच्या खेपेला एक दिवस. काही वर्षांनी धाकटा उघड उघड एका बाजूने खाल्लेला दिसतोय आणि खाली लोक जोडपुनव साजरी करताहेत, कारण पोथीत तसं लिहिलंय. नावाडी म्हणणार आज नाही, पुजारी म्हणणार आजच.

ताम्रपट
आणि पुजारीच जिंकणार. कॅलेंडर ज्याच्या हाती त्याच्या हाती बरंच काही असतं. रोममध्ये जादा महिना घालायचा की नाही हे पुरोहित ठरवत, आणि आपल्या माणसाला पदावर जास्त दिवस मिळावेत म्हणून ते वर्ष लांबवतात, असा त्यांच्यावर आरोप असे. घोळ इतका वाढला की तो निस्तरायला सीझरने इ.स.पू. ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं केलं.

क्रांतीनंतर फ्रान्सने १७९३ मध्ये सात दिवसांचा आठवडा मोडून दहा दिवसांचा केला. सुट्टी दहाव्या दिवशी! १८०५ संपताना ते कॅलेंडरच गुंडाळलं. सोव्हिएत रशियात १९२९ पासून पाच दिवसांचा आठवडा आला, कामगारांचे पाच गट पाडले, प्रत्येक गटाची सुट्टी वेगळ्या दिवशी. नवरा एका गटात, बायको दुसऱ्या. दोघांची एकत्र सुट्टी संपली. आता हे आकड्यांचं प्रकरण आहे की घरातलं, 'पान ४२'नीच सांगावं.

जाता जाता: ऑगस्ट लिहिलात की त्या जगात एक ऑगस्टस होऊन गेला असं ठरतं. आणि सोमवार तर घालूच नका. दोन चंद्रांपैकी सोम कोणता?

पान ४२
सोमवारचं मान्य, हसलो. बाकी तुम्ही दोघांनी माझीच बाजू मांडलीत. सुट्टी, कर्ज, भांडण ही सगळी माणसं झाली. क्षयमासावरची कादंबरी मी विकत घेऊन वाचीन. त्यात '३२.१' दिसलं, तर तिथेच पुस्तक मिटीन. आकडे वहीत ठेवा.

ताम्रपट
वहीत नसते तर क्षयमास सुचला असता का?

पान ४२
सुचला तो 'अधिक_उणें'ना. वहीवाल्यांना जोडपुनव सुचली होती.

खडूफळा
लागलं. रात्री बसून सुरुवात बदलली:

'महिना गाळल्याची दवंडी आली तेव्हा ती घाटावर गोधडी पिळत होती. तिला सोळावं त्याच महिन्यात लागणार होतं, आणि सोळा लागल्याशिवाय होडीवर कोणी घेत नव्हतं. तिने पिळलेली गोधडी पुन्हा पाण्यात टाकली.'

तारीख नाही, कला नाही. एक्सेलची जुनी फाईल मात्र पुसलेली नाही. शेजारी नवी उघडली आहे, ३२.१ वाली.

पान ४२
गोधडी पुन्हा पाण्यात, हे आवडलं. पुढचं पान पाठवा. होडीवाला तिला घेतो का?

अधिक_उणे
कुठल्या पोथीचा होडीवाला, त्यावर आहे.