कमोडोर ६४ चा मूळ रॉम काढून जिफीडॉस टाकावा का?

फ्लॉपीप्रेमी: परवा कमोडोर ६४ (ऐंशीच्या दशकातला घरगुती संगणक) आणि त्याचा १५४१ फ्लॉपी ड्राइव्ह, दोन्हीत जिफीडॉस बसवला, म्हणजे कायमचा कोड असलेली मूळ चिप (रॉम) काढून डिस्कचं काम जलद करणारी दुसरी घातली. मूळ रॉमवर सेकंदाला जेमतेम ४०० बाइट यायचे, ४० केबीचा गेम म्हणजे पावणेदोन मिनिटं नुसतं बघत बसायचं, आता पंधरा सेकंदांच्या आत होतं. काही जण म्हणतात असं केलं की मशीन अस्सल राहत नाही, मला हे अजिबात पटत नाही. तो संथपणा कुणी आवडीने ठेवलेला नव्हता. आधीच्या व्हिक-२० संगणकाच्या वेळी ६५२२ चिपच्या शिफ्ट रजिस्टरमध्ये (बिट आपोआप एकामागोमाग पाठवणारा भाग) दोष निघाला म्हणून एकेक बिट सॉफ्टवेअरने ढकलायची वेळ आली, पुढे ६४ मध्ये व्हिडिओ चिप मधूनमधून प्रोसेसरला थांबवते म्हणून वेग अजून कमी केला. ड्राइव्हमध्ये स्वतःचा ६५०२ प्रोसेसर आणि २ केबी रॅम आहे हो, तो बिचारा नुसता ताटकळत बसायचा!

कॅसेटवाला: वेगाबद्दल वाद नाही, पण किंमत काय मोजली तेही सांगा की. जागा करायला जिफीडॉसने कॅसेटचा कोडच काढलाय, माझे निम्मे प्रोग्राम टेपवर आहेत, त्यांचं मी काय करू? आणि कर्नल चिप (६४ मधला जो रॉम बदलायचा तोच) बऱ्याच बोर्डांवर थेट सोल्डर केलेली असते. ती काढताना माझ्या बोर्डाचा एक ट्रॅक उखडला, अजून वाईट वाटतं. त्यापेक्षा मागच्या पोर्टात एपिक्स कंपनीचं फास्ट लोड कार्ट्रिज लावा, मशीन उघडायलाच नको.

फ्लॉपीप्रेमी: कार्ट्रिजने पोर्ट अडतो, आणि ते फक्त लोडिंग पळवतं, सेव्ह करताना परत तेच रडगाणं. जिफीडॉसमध्ये सेव्ह आणि फाइल वाचणं पण पळतं, कारण दोन्ही बाजूंचा कोड बदललेला असतो आणि क्लॉक, डेटा दोन्ही तारांवरून एका वेळी दोन बिट जातात. टेपसाठी स्विच लावा ना, खटका दाबून रीसेट केलं की मूळ कर्नल हजर.

सोल्डरगन: स्विच ड्राइव्हला पण हवाच, कारण काही गेम स्वतःचा लोडर ड्राइव्हच्या रॅममध्ये टाकतात आणि मूळ रॉमचे पत्ते धरून चालतात, तिथे बदललेला रॉम असला की अडकतात. फक्त केसला भोक पाडू नका, वायर मागच्या फटीतून काढा.

कॅसेटवाला: सॉकेट असेल तर ठीक आहे, मूळ चिप जपून ठेवा म्हणजे झालं. पण सोल्डर केलेल्या बोर्डाला नवशिक्याने हात लावू नये, यावर मी ठाम आहे. असे मूळ बोर्ड आता नव्याने बनत नाहीयेत.