क्रॅकवालं कोरल टाकलं, सगळ्या फाईली लॉक झाल्या. काय करू??

फ्लेक्सवाला_बार्शी
मंडळी नमस्कार, फ्लेक्स न पत्रिकांचं छोटं दुकान आहे माझं. काल नव्या पीसीत कोरल (डिझाईनचं सॉफ्टवेअर) टाकायला एका व्हिडिओखालची लिंक घेतली, त्यात लिहिलेलं आधी अँटिव्हायरस बंद करा मग क्रॅक (लायसन्स तोडणारी फाईल) चालवा, तसं केलं. कोरल काय उघडलंच नाही पण तासाभरात सगळ्या फाईलींच्या नावाला चार अक्षरांचं भलतंच शेपूट लागलं आणि फोल्डरा-फोल्डरात एक रीडमी, ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिले तर ४९०. तीन वर्षांच्या डिझाईनी आहेत हो. फॉरमॅट मारू का?

केबलजोड्या
फॉरमॅट मारू नका दादा!! ९८०-४९० चा आकडा म्हणजे बहुतेक स्टॉप उर्फ डीजेव्हीयू रॅन्समवेअर (फाईली लॉक करून खंडणी मागणारा व्हायरस), २०१८ पासून मुख्यतः क्रॅक न कीजेनमधून (खोटी लायसन्स की बनवणारे प्रोग्राम) पसरतंय. आधी नेट काढा, बॅकअपची डिस्क चुकूनही लावू नका. रीडमीच्या शेवटी पर्सनल आयडी असतो, तो टी-वन ने संपत असेल तर ऑफलाइन की, म्हणजे बऱ्याच जणांना लावलेली एकच ठराविक चावी, मग एम्सिसॉफ्ट कंपनीचं फुकट डिक्रिप्टर (लॉक उघडणारं) चालायची आशा, तीही ती की त्यांच्या हाती लागलेली असेल तरच. पैसे पाठवू नका, १९३० ला (सायबर फसवणुकीची हेल्पलाइन) फोन करून तक्रार टाका.

स्वाती_के
याच्या जोडीला बऱ्याचदा पासवर्ड चोरणारं पण येतं, विडार वगैरे. ब्राउजरमध्ये सेव्ह केलेले बँकेचे, मेलचे पासवर्ड मोबाईलवरून आत्ताच्या आत्ता बदला आणि सगळीकडून लॉगआउट मारा.

जुनाखोड
मी दहा वर्षं क्रॅकच वापरतोय, काही झालं नाही. अँटिव्हायरस उगाच बोंबलतो.

केबलजोड्या
काका, रॅन्समवेअर निदान सांगून लुटतं, पासवर्डचोर सांगत नाही. काही झालं नाही हे तुम्ही कसं तपासलंत?

बार्शीकर, अजून एक. हे प्रत्येक फाईलचा सुरुवातीचा साधारण १५० केबीच लॉक करतं, म्हणून मोठ्या झिप न व्हिडिओ थोडेफार वाचतात, छोट्या जेपीजी मात्र गेल्या समजा.

फ्लेक्सवाला_बार्शी
टी-वन नाही निघालं 😞 पण प्रेसला मेल केलेल्या पीडीएफ न गिऱ्हाईकांना व्हॉट्सॲपवर पाठवलेली प्रूफं सापडतायत, त्यावरून परत बनवतो. पासवर्ड बदलले. पोरगं म्हणतंय आता इंकस्केप (डिझाईनचंच सॉफ्टवेअर) शिका, फुकट आहे. त्यात सीएमवायके (छपाईचे चार रंग) करता येतं का पण?

स्वाती_के
त्यात तेवढं धड नाही, डिझाईन इंकस्केपमध्ये करून पीडीएफ स्क्रायबसमधून (पानं मांडायचं सॉफ्टवेअर) काढा, तेही फुकटच.