शब्दचर्चा : गिटार ‘अर्धा सूर खाली’ लावणे, याला मराठीत नेमके काय म्हणावे?

मूळ प्रश्न

नमस्कार. परळ येथे आमच्या वस्तीत दर रविवारी सकाळी गिटारचा विनामूल्य वर्ग चालतो. त्या वर्गातील मुलांसाठी मी मराठीतून एक छोटी पुस्तिका लिहीत आहे. तारांची नावे, बोटांच्या जागा, तालाचे हात हे सर्व लिहून झाले, परंतु ज्याला आम्ही वादक एरवी ‘हाफ स्टेप डाउन’ किंवा ‘ई फ्लॅट ट्यूनिंग’ म्हणतो, म्हणजे सगळ्या तारा नेहमीपेक्षा किंचित खालच्या स्वरात लावतो, त्या प्रकरणाशी येऊन लेखणी अडली आहे.

अडण्याचे कारण केवळ भाषांतराचे नाही. गेल्या गणेशोत्सवाच्या तालमीत मी पेटीवर बसलेल्या काकांना सांगितले, ‘‘काका, माझी गिटार अर्धा सूर उतरली आहे.’’ त्यांनी भाता थांबवला आणि अगदी सहज म्हणाले, ‘‘मग लावून घ्या सावकाश, आम्ही थांबतो.’’ गिटार बिघडलेली नाही, मुद्दामच तशी लावली आहे, हे समजावून सांगण्यात पाच मिनिटे गेली. अखेर त्यांनी पेटीच्या एका काळ्या पट्टीवर बोट ठेवले, माझ्या सर्वांत जाड तारेशी तो स्वर मिळवून पाहिला आणि म्हणाले, ‘‘अहो, मग काळी दोन म्हणा की!’’ (काळी दोन म्हणजे पेटीच्या सप्तकातील दुसरी काळी पट्टी.)

आमच्या वर्गात या एका गोष्टीसाठी चार प्रयोग ऐकू येतात : अर्धा सूर खाली घेणे, अर्धी पट्टी खाली घेणे, तारा ढिल्या करणे आणि सगळ्या तारा कोमल लावणे. यांतील कोणता प्रयोग योग्य, कोणता चालण्यासारखा आणि कोणता मुलांच्या डोक्यात कायमचा गोंधळ करून ठेवणारा, यावर जाणकारांनी कृपया लिहावे.

पहिला प्रतिसाद

आपल्या प्रश्नातील सर्वांत मोलाची गोष्ट त्या चार प्रयोगांत नसून पेटीवादक काकांच्या उत्तरात आहे, म्हणून तेथूनच आरंभ करतो. आपण ‘उतरली आहे’ असे म्हणालात आणि मराठी माणसाच्या कानाला ते क्रियापद दोष सांगणारेच वाटणार. पावसाळ्यात मुंबईच्या दमट हवेने शाई आणि पुडी ओलावते, तबला ‘उतरतो’, आणि मग तबलजी हातोडी घेऊन तो पुन्हा चढवतो. तंबोऱ्याची तार मैफलीच्या मध्येच ‘उतरते’, गाणाऱ्याचा आवाज दमल्यावर ‘उतरतो’. ‘उतरणे’ आपोआप घडते. कोणी हेतुपुरस्सर केले तर ते ‘उतरवणे’ होते. त्यामुळे ‘गिटार अर्धा सूर उतरवली आहे’ असे म्हटले असते, तर एका ‘व’ने पाच मिनिटे वाचली असती. इंग्रजीतला शब्द कसा आणावा याची चिंता आपण फार करतो, आणि आपल्याच क्रियापदाने करून ठेवलेली सोय वापरायचे विसरतो, याचे मला मनापासून वाईट वाटते.

आता ‘अर्धा’ हा शब्द. अर्धा म्हणजे कशाच्या अर्धा, हे मुलांना सांगितल्याशिवाय पुढे जाऊ नये. बिलावल थाटाच्या शुद्ध सप्तकात सा ते रे, रे ते ग, म ते प, प ते ध आणि ध ते नी ही पाच अंतरे मोठी आहेत, तर ग ते म आणि नी ते वरचा सा ही दोन लहान आहेत. मोठे अंतर तो पूर्ण स्वर आणि लहान अंतर तो अर्धा स्वर. एका सप्तकाचे बारा समान भाग केले, तर त्यातील एक भाग म्हणजे हे लहान अंतर, आणि गिटारच्या दांडीवरील दोन शेजारच्या पडद्यांमध्ये (फ्रेटमध्ये) तेवढेच अंतर असते. प्रत्येक पायरीला कंपनसंख्या सुमारे १.०५९५ पटीने बदलते. सर्वांत जाड तार नेहमीच्या लावणीत (ट्यूनिंगमध्ये) सेकंदाला ८२.४१ कंपने करते, ती या लावणीत ७७.७८ वर येते. बेस गिटारची सर्वांत जाड तार याच्या एक सप्तक खाली असते, म्हणून तिची ४१.२० कंपने ३८.८९ होतात.

या अंतराला ‘अर्धस्वर’ हा शब्द संगीतविषयक मराठी लेखनात रुळलेला आहे आणि तोच घ्यावा असे माझे मत आहे. व्याकरणातही य, र, ल, व यांना अर्धस्वर म्हणतात हे खरे. पण ‘स्वर’ हा शब्दच मुळात दोन्ही शास्त्रांत नांदतो आणि त्यामुळे आजवर कोणाचे अडले नाही. ‘अर्धा सूर’ बोलण्यात गोड वाटतो, परंतु ‘सूर’ या शब्दात सुरेल असण्याचा, सुरात असण्याचा अर्थ इतका मुरलेला आहे की, ‘अर्धा सूर खाली’ म्हटल्यावर सूर कमी पडतो आहे अशी शंका येते. लिहिताना ‘अर्धस्वर’ आणि बोलताना ‘अर्धा स्वर’ अशी विभागणी मला सोयीची वाटते.

‘कोमल लावणे’ मात्र कृपा करून पुस्तिकेत येऊ देऊ नका. कोमल रिषभ किंवा कोमल गांधार हा षड्जाच्या (सा) नात्याने कोमल असतो. षड्ज जागेवर राहतो आणि दुसरा स्वर त्याच्या जवळ किंवा दूर सरकतो, तेव्हाच कोमल, तीव्र हे शब्द लागू होतात. गिटारच्या सगळ्या तारा सारख्याच उतरवल्या, तर त्यांचे परस्परांशी नाते तसूभरही बदलत नाही, कारण येथे षड्जच खाली सरकला आहे. याची परीक्षा मुले स्वतः करू शकतात. सहावी, म्हणजे सर्वांत जाड तार पाचव्या पडद्यावर दाबली असता ती पाचव्या सुट्या तारेशी मिळते, ही खूण उतरवण्यापूर्वी जशी खरी तशीच नंतरही खरी. याउलट ‘ड्रॉप डी’ नावाच्या लावणीत एकटी सहावी तार पूर्ण स्वराने उतरवतात, तेव्हा ही खूण मोडते आणि मेळ सातव्या पडद्यावर जातो. म्हणून पुस्तिकेत ‘सगळ्या तारा’ किंवा ‘सहाही तारा’ हे शब्द अवश्य हवेत.

‘ढिली करणे’ हे चूक नाही, पण ते परिणामाचे वर्णन आहे. तारेवरचा ताण कंपनसंख्येच्या वर्गाच्या प्रमाणात बदलतो. त्यामुळे अर्धस्वर उतरवल्यावर तो सुमारे ११ टक्क्यांनी कमी होतो. बोटांना तार हलकी लागते आणि सतारीवर मींड घेतात तशी ती ओढणे सोपे जाते. प्रसिद्ध गिटारवादक जिमी हेंड्रिक्स याची अनेक ध्वनिमुद्रणे या लावणीत आहेत. स्टीव्ही रे वॉन हा गिटारवादकही अशीच गिटार लावत असे, पण तो मुळातच जाड तारा वापरत असल्याने त्याच्या तारा ढिल्या होत्या असे म्हणणे अगदीच विपरीत ठरेल. तेव्हा ‘ढिली’ या शब्दावर व्याख्या उभी करता येत नाही. गायकाचा आवाज वर पोचत नाही म्हणून गिटार उतरवणारे तर पुष्कळच आहेत, आणि त्यांच्या मनात तारेच्या सैलपणाचा विचारही नसतो.

दुसरा प्रतिसाद

मी पेटी वाजवते आणि शाळकरी मुलांना गाणे शिकवते, त्यामुळे ‘पट्टी’ या शब्दाची बाजू मांडणे मला माझे काम वाटते. ‘अर्धी पट्टी’ असे काही नसते, कारण पट्टी ही पेटीवरची प्रत्यक्ष वस्तू आहे आणि अर्धी दाबली तरी ती स्वर अर्धा करत नाही. एका पट्टीकडून लगतच्या पट्टीकडे जाणे, मग ती काळी असो की पांढरी, म्हणजेच अर्धस्वर. म्हणून आमच्याकडे गाणारे ‘एक पट्टी खाली घ्या’ असे म्हणतात आणि गिटारवाले त्याच गोष्टीला ‘अर्धा खाली’ म्हणतात. एकाच खोलीत एकाचा ‘एक’ आणि दुसऱ्याचा ‘अर्धा’ एकच असतो, हे माहीत नसल्यामुळे तालमीत होणारे गैरसमज मी अनेकदा सोडवले आहेत.

काकांनी सांगितलेले ‘काळी दोन’ मात्र अतिशय सुंदर आहे, आणि ते नुसत्या जाड तारेपुरते नाही. नेहमीच्या लावणीत जाड तारेकडून बारीक तारेकडे जाताना पांढरी तीन, पांढरी सहा, पांढरी दोन, पांढरी पाच, पांढरी सात आणि पुन्हा पांढरी तीन असे स्वर येतात. अर्धस्वर उतरवल्यावर त्यांचे अनुक्रमे काळी दोन, काळी चार, काळी एक, काळी तीन, काळी पाच आणि पुन्हा काळी दोन होतात. सहाही तारा पांढऱ्यांवरून काळ्यांवर येतात आणि पेटीवरच्या पाचही काळ्या पट्ट्यांपैकी एकही सुटत नाही! काळी तीनला षड्ज मानून या पाच पट्ट्या ओळीने वाजवल्या की भूप रागाचे स्वर उमटतात. मी वर्गात हे वाजवून दाखवले, तेव्हा एका मुलीने टाळी वाजवली. आपल्या पुस्तिकेत पेटीचे चित्र असेल, तर या काळ्या पट्ट्यांवर तारांचे आकडे जरूर घाला.

एक सावधगिरी सांगते. ‘पांढरीवरून काळीवर’ हा नियम मुलांना शिकवू नये. पांढरी चार आणि पांढरी तीन यांच्यामध्ये काळी पट्टीच नसते, त्यामुळे पांढरी चारमध्ये गाणाऱ्याने अर्धस्वर खाली घेतला तर तो पांढरी तीनवरच येतो. गिटारच्या सुट्या तारांमध्ये पांढरी चार आणि पांढरी एक हे दोन स्वर नाहीत, म्हणून सगळे काळ्यांवर उतरले, इतकेच. आणि आपल्या मुंबईत ‘पांढरी’ऐवजी ‘सफेद’ म्हणणारे वादकही भरपूर आहेत, तेव्हा दोन्ही शब्द एकदा लिहून ठेवावेत.

तिसरा प्रतिसाद

मी वाद्यवृंदात बेस वाजवतो. आमच्यात ‘खर्जात लावणे’ असेही म्हटले जाते. ते चालेल का? शिवाय मुलांच्या मोबाइलमधील ट्यूनर ‘ई फ्लॅट’ न दाखवता ‘डी शार्प’ दाखवतो आणि नवखा मुलगा आपण तार चढवली की काय म्हणून घाबरतो. त्याचाही खुलासा पुस्तिकेत असावा, अशी विनंती आहे.

पहिल्या प्रतिसादकाचे उत्तर

पेटी शिकवणाऱ्या ताईंनी काळ्या पट्ट्यांचा जो मेळ दाखवला, तो इतकी वर्षे गिटार हातात असूनही माझ्या ध्यानात आला नव्हता. त्यांचा मी ऋणी आहे.

‘खर्ज’ हा शब्द षड्जावरूनच आलेला आहे आणि तंबोऱ्याच्या सर्वांत खालच्या तारेला आपण खर्ज म्हणतो. खर्जात जाणे म्हणजे मंद्र सप्तकात जाणे. अर्धस्वराची एक पायरी उतरल्याने सप्तक बदलत नाही, म्हणून येथे तो शब्द जुळत नाही. बेस हे वाद्य गिटारच्या मानाने खर्जातले आहे, असे म्हणण्यास मात्र तो अगदी योग्य आहे. ट्यूनरविषयी सांगायचे तर ई फ्लॅट आणि डी शार्प ही एकाच काळी दोनची दोन नावे आहेत. वरून मोजले तर पहिले, खालून मोजले तर दुसरे. येथे ‘काळी दोन’ हे नाव त्या दोहोंपेक्षा सरस ठरते, कारण त्यात चढ-उताराचा प्रश्नच उद्भवत नाही.

आणखी एक गोंधळ नावांचाच आहे. गिटार उतरवल्यानंतरही वादक बोटांच्या ठेवणीला जुन्याच नावाने ओळखतो. बोटे ‘ई’ची ठेवतो आणि वाजतो ई फ्लॅट. स्केलचेंज पेटी वाजवणाऱ्यांना हे चटकन कळेल, कारण पट्ट्या सरकवल्यावर त्यांचीही बोटे एका जागी आणि स्वर दुसऱ्या जागी असतो. म्हणून सहवादकांना कधीही बोटांचे नाव सांगू नये, वाजणारा स्वर सांगावा. ज्या गाण्याला पुन्हा मूळ स्वर हवा असेल, तेथे पहिल्या पडद्यावर कॅपो (सगळ्या तारा एकदम दाबून धरणारा चिमटा) लावला की गिटार जागेवर येते.

कृतीविषयी दोन वाक्ये लिहितो, कारण तेथेही क्रियापदे महत्त्वाची आहेत. खुंटी सैल करून थेट हव्या स्वरावर थांबू नये. तार त्या स्वराच्याही थोडी खाली उतरवावी आणि मग हळूहळू चढवत स्वरावर आणावी, नाहीतर नटच्या (दांडीच्या टोकाशी तारा टेकतात त्या पट्टीच्या) खाचेत अडकलेली तार वाजवताना सुटते आणि खरोखरच ‘उतरते’. सहाही तारा झाल्यावर सुरुवातीला उतरवलेली तार पुन्हा तपासली तर ती किंचित चढलेली आढळते, कारण एकूण ताण कमी झाल्याने दांडीचा बाक थोडा सुटतो. म्हणून सगळ्या तारांवरून दुसरी फेरी घ्यावी. पडद्यांवर तार झणझणू लागली, तर मात्र खुंट्यांशी झगडत न बसता एक नंबर जाड तारांचा संच लावावा.

मूळ प्रश्नकर्त्याचे उत्तर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. पुस्तिकेतील उतारा आता पुढीलप्रमाणे लिहीत आहे :

‘‘कधी कधी गिटारच्या सहाही तारा एक अर्धस्वर उतरवून लावतात. अशी गिटार काळी दोनला लावली आहे, असे म्हणावे. पेटीवाले याला एक पट्टी खाली म्हणतात. दोन्हींचा अर्थ एकच आहे. तारा आपोआप उतरल्या असतील तर त्या पुन्हा चढवाव्या लागतात. आपण उतरवल्या असतील तर तालीम सुरू होण्यापूर्वी पेटीवाल्यांना आणि बेसवाल्यांना काळी दोन हे नाव सांगावे.’’

‘सफेद’ हा शब्द मी चित्राखाली घालत आहे. येत्या रविवारी छापण्यापूर्वी हा उतारा पेटीवाल्या काकांना वाचून दाखवणार आहे.