‘द स्पॅनिश अर्थ’ प्रचारपट आहे, मग दाखवावा का?

रिळवेडा: सोलापुरात आमच्या फिल्म मंडळात योरिस इव्हन्सचा १९३७ चा ‘द स्पॅनिश अर्थ’ लावायचा आहे. दोन सभासदांचा विरोध आहे: स्पेनच्या यादवीतली एकच बाजू दिसते, सरकारविरुद्ध बंड केलेल्या जनरल फ्रँकोच्या लोकांचं म्हणणं कुठेच नाही. याला माहितीपट म्हणावं का?

सीनाकाठची: दाखवाच, आणि बाजू घेतलेला आहे हेही आधी सांगा. इव्हन्सने ते लपवलं नव्हतं. फिल्म दाखवून प्रजासत्ताकासाठी, म्हणजे फ्रँकोविरुद्धच्या सरकारी बाजूसाठी, रुग्णवाहिकांचे पैसे उभे केले गेले. पण सभासदांना म्हणावं, फुएन्तिदुएन्या गावाकडे नीट बघा. माद्रिद-व्हॅलेन्सिया रस्त्यावरचं, ताहो नदीकाठचं गाव. नदी उशाला आणि रानं कोरडी, कारण जमीन जमीनदारांची. ती हातात आल्यावर गावकरी पाट खणायला घेतात, वेढ्यातल्या माद्रिदला खायला मिळावं म्हणून. एकीकडे बाँब पडतायत, एकीकडे फावडी चाललीत. आमच्याकडे रात्री रानाला पाणी द्यायला, दारं धरायला जातात, त्यामुळे शेवटी रानात पाणी शिरतं तेव्हा त्या माणसांना काय वाटलं असेल ते मला सांगावं लागत नाही. आघाडीवरची दृश्यं इतरांनीही टिपली. हा पाट टिपायचं इव्हन्सला सुचलं, म्हणून मला तो मोठा वाटतो.

जुनाप्रेक्षक: ताई, पाट मान्य. पण प्रजासत्ताकाच्या बाजूने पाद्री मारले गेले, मे १९३७ मध्ये बार्सिलोनात त्यांचेच गट एकमेकांवर तुटून पडले. फिल्ममध्ये यातलं अवाक्षर नाही.

सीनाकाठची: नाही, आणि ते खटकायलाच हवं. चर्चेत हे तुम्हीच मांडा. गावातली काही दृश्यं करवून घेतलेली आहेत आणि आवाज नंतर चढवलेत, हेही सांगा. निवेदन आधी ऑर्सन वेल्सच्या आवाजात होतं, मग लिहिणाऱ्या हेमिंग्वेनेच ते वाचलं.

रिळवेडा, सोलापुरात लावताय तर इथल्याच डॉ. द्वारकानाथ कोटणीसांना विसरू नका. १९३८ मध्ये इव्हन्स चीनमध्ये चित्रण करत होता, त्याच वर्षी काँग्रेसचं वैद्यकीय पथक चीनला गेलं. कोटणीस त्यात होते, आणि पथकप्रमुख डॉ. अटल त्याआधी स्पेनमध्ये जखमींवर उपचार करून आले होते.

रिळवेडा: अटलांचं माहीत नव्हतं! मग फिल्मआधी दहा मिनिटं तुम्हीच बोला ना.

सीनाकाठची: येते. फक्त रविवार ठेवा, आठवड्यात मला शाळा असते.