शब्दचर्चा : 'मागे' म्हणजे नक्की कुणाच्या मागे?

वर्तकनगर, ठाणे

शनिवारी रात्री जेवणं आटोपली की मी आणि माझा भाचा गॅलरीत खुर्च्या टाकून बसतो. त्याचे दोन मित्र आपापल्या घरून ऑनलाइन येतात, एक ऐरोलीचा, एक कोपरखैरण्याचा, आणि चौघांचा स्क्वॉड पुरा होतो. खेळ बीजीएमआय, म्हणजे मोबाइलवरचा बंदुकांचा खेळ, शेवटपर्यंत टिकेल तो संघ जिंकतो. तो या नावाने २ जुलै २०२१ ला आला, पण आमच्याकडे अजून सगळे पबजीच म्हणतात. पबजीवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली, नाव काही जिभेवरून गेलं नाही.

प्रश्न आहे तो मॅच चालू असतानाच्या बोलण्याचा. गेल्या शनिवारी आम्ही शेवटच्या झोनपर्यंत, म्हणजे आक्रसत जाणाऱ्या मैदानाच्या शेवटच्या वर्तुळापर्यंत, पोचलो होतो. मी दगडाआड, भाचा झाडामागे, ऐरोलीचा एका पडक्या घराच्या दारात. कोपरखैरण्याचा आधीच बाद झाला होता, म्हणून तो आमच्यापैकी एकाच्या स्क्रीनवरून बघत होता. एकदम त्याचा आवाज आला, "मागे! मागे! मागे आहे!" आम्ही तिघेही गर्रकन वळलो, तिघे तीन दिशांना. शत्रू होता ऐरोलीच्या मुलाच्या मागे. तो पडला, मग भाचा, मग मी. पाच-सहा सेकंदांत खेळ खलास.

यात खोटं कुणी बोललं नाही, उशिराही कुणी बोललं नाही. ज्याच्या डोळ्यांनी तो बघत होता त्याच्यापुरता 'मागे' अगदी बरोबर होता. ऐकणाऱ्यांना मात्र 'कुणाच्या' ते कळलं नाही. तेव्हापासून मी या शब्दावर अडून बसलो आहे.

दुसरं, या बोलण्याला मुलं 'कॉल देणं' म्हणतात. 'कॉल दे ना', 'चुकीचा कॉल दिला', 'त्याचे कॉल भारी असतात'. मला 'वर्दी' सुचतो. वर्दी म्हटल्यावर हल्ली पोलिसांचे कपडे डोळ्यांसमोर येतात, पण 'आगीची वर्दी मिळताच अग्निशमन दलाचे जवान पोचले' हे आपण पेपरात वाचतच असतो. जागेवरून, ताबडतोब, ठिकाणासकट दिलेली माहिती म्हणजे वर्दी. हाकेत माहिती नसते, आरोळीत नुसता आवाज असतो, इशारा मोघम असू शकतो, आणि खबर उशिरा आली तरी खबरच. आपल्याला काय वाटतं?

कोपरखैरणे

काका, तो 'मागे' ओरडणारा मीच. चुकलंच माझं. स्क्रीनच्या वरच्या पट्टीवर होकायंत्र असतं, त्यातला दिशेचा आकडा सांगायला हवा होता. आम्ही एरवी तसंच करतो, 'टू एटी फाइव्ह, झाडापाशी' वगैरे. पण घाई झाली की आकडा राहतो आणि तोंडातून 'मागे' नाहीतर 'इकडे' निघतं. 'इकडे' तर सगळ्यात वाईट. माझं इकडे तुमचं तिकडे असतं.

आकडे मराठीत सांगून बघितले मी. पट्टीवर १५-१५ अंशांनी खुणा असतात. 'दोनशे पंच्याऐंशी' म्हणायला गेलो तर समोरच्याला 'पंच्याण्णव' ऐकू आलं. गोळ्यांचा आवाज, त्यात आमच्या घरी कुकर, त्यात माइक साधा. इंग्रजीत हा घोळ होत नाही, म्हणून इंग्रजी आकडे. मराठीची लाज वगैरे काही नाही.

'वर्दी' चांगला आहे, पण आमच्यात कुणी म्हणेल असं वाटत नाही. 'कॉल'ला एकच अक्षर लागतं तोंडात.

नौपाडा, ठाणे

मी शाळेत गणित शिकवायचो आणि संध्याकाळी मुलांचा खो-खो घ्यायचो. तुमचा हा खेळ मी खेळलेलो नाही, पण चर्चा वाचून राहवलं नाही.

कोपरखैरण्याच्या मित्राची अडचण खरी आहे. आपले संख्यानाम-शब्द ऐंशी-नव्वदीत एकमेकांत गुंततात. २०१९ साली बालभारतीच्या दुसरीच्या गणितात 'त्रेसष्ट'बरोबर 'साठ तीन' अशीही वाचनाची रीत दिली, तेव्हा केवढं रान उठलं होतं ते आठवत असेल. त्या वादात मी इथे शिरत नाही. मला एवढंच सांगायचं आहे की यावर घरातलाच उपाय आहे. आपण फोन नंबर कसा सांगतो? गाडीचा नंबर? सुटे अंक म्हणतो. 'दोन-आठ-पाच' म्हणा. दोन, आठ, पाच हे तिन्ही शब्द एकमेकांपासून लांबचे आहेत, गोंधळ होत नाही. विमान चालवणारेही दिशेचे अंश असेच सुटे अंक म्हणून सांगतात.

आता 'मागे'. खो-खोत खो देताना बसलेल्या गड्याला मागूनच हात लावावा लागतो आणि त्याच वेळी 'खो' मोठ्याने म्हणावं लागतं. हात लावला पण शब्द नाही उच्चारला तर तो खो धरत नाहीत. शब्द एका अक्षराचा, पण कुणासाठी आहे ते हाताने सांगितलेलं असतं. तुमच्या खेळात हात लावायची सोय नाही. म्हणून ते 'कुणासाठी' शब्दातच घालायला हवं. 'मागे' नव्हे, 'तुझ्यामागे' आणि त्याच्या आधी नाव.

मराठीला हे फार चांगलं जमतं, कारण ठिकाण सांगायला आपल्याला वेगळा शब्द लागत नाही, नामाच्या शेपटातच ते येतं. जिन्यात, जिन्याखाली, जिन्यावर. दाराशी, दारात, दारामागे. 'दाराशी' आणि 'दारात' यांत फक्त एका अक्षराचा फरक, पण दाराशी असलेला माणूस बाहेर आहे आणि दारात असलेला उंबऱ्यावर. एवढं नेमकं सांगणारा शब्द तोंडात असताना 'इकडे, इकडे' कशाला?

नेरूळ

माझा मुलगा व्हॅलोरंट खेळतो, तोही पाच-पाच जणांच्या संघांचा बंदुकांचा खेळ. पाच जणांत एक मल्याळी, एक पंजाबी, दोन मराठी, एक उत्तर प्रदेशातला, सगळे एकाच कॉलेजचे. त्यांचं बोलणं हिंदी-इंग्रजीतच होणार, आणि ते रास्तच आहे. त्या खेळात नकाशातल्या जागांची नावंही ठरलेली असतात. वरच्या सज्जाला 'हेवन' म्हणायचं म्हणजे म्हणायचं, तिथे 'माळा' म्हटलं तर चौघांना कळणार नाही. स्पाइक, म्हणजे त्या खेळातला बॉम्ब, लावल्यापासून फुटायला ४५ सेकंद असतात, त्यात भाषांतर करायला वेळ कुणाला?

मला वेगळा शब्द सांगायचा आहे, 'नूब'. मुलं चुकणाऱ्याला किंवा नव्याला हा शब्द इतक्या तुच्छतेने फेकतात की मला आत स्वयंपाकघरात ऐकवत नाही. आपल्या लहानपणी सोसायटीच्या आवारात धाकटं भावंडं खेळायला आलं की ते 'लिंबूटिंबू' असायचं. त्याला कुणी बाद करायचं नाही, त्याच्यावर राज्य यायचं नाही, पण तो खेळात असायचा, आमच्याबरोबर पळायचा. दोन्ही शब्द कच्च्या खेळाडूसाठीच आहेत. एक त्याला सांभाळून घेतो, दुसरा हाकलतो. मुलाला मी हे सांगितलं. त्याने ऐकून घेतलं, एवढंच आत्ता म्हणते.

घणसोली

आमच्या ग्रुपमध्ये 'मागे' नाहीच, 'पाठी' बोलतो. 'दादूस, पाठी बघ.' आजी घरात 'इकरं ये, तिकरं नको' बोलायची, तसंच खेळताना येतं तोंडात. मला वाटतं 'मागे'पेक्षा 'पाठी' बरा. 'मागे' ऐकलं की मागे फिर असं पण वाटतं. 'पाठी' ऐकलं की सरळ पाठीकडे मान वळते.

वर्तकनगर, ठाणे

सगळ्यांचे आभार. घणसोलीच्या प्रतिसादावर मी दोन दिवस विचार करत होतो.

'पाठी' हा मुंबई-ठाण्याकडचा रोजचा शब्द. रिक्षात 'पाठी सरका', रांगेत 'माझ्या पाठी उभा राहा'. पण याच शब्दात एक गंमत दडली आहे. 'तो तुझ्या पाठी आहे' म्हटलं तर धोका. 'तो तुझ्या पाठी लागलाय' म्हटलं तर आणखी मोठा धोका, पळ. आणि 'मी तुझ्या पाठीशी आहे' म्हटलं की उलटंच, निर्धास्त जा, मी आहे. शत्रू पाठी असतो, मित्र पाठीशी. नौपाड्याच्या सरांनी 'दाराशी' सांगितलं, त्यातलाच हा 'शी'. दाराला लागला तर नुसतं ठिकाण दाखवतो, पाठीला लागला तर नातं सांगतो.

मुलं ज्याला 'कव्हर देतो' म्हणतात ते दुसरं काय आहे? मला 'कव्हर'ला 'आडोसा' पटत नव्हता, कारण आडोसा भिंतीचा असतो, माणसाचा नाही. माणूस देतो ती पाठराखण. नवी नवरी सासरी जायची तेव्हा तिच्या सोबतीला माहेरची एखादी बाई जायची, ती पाठराखीण. परक्या घरात, अनोळखी माणसांत, एकटं पडू नये म्हणून. अनोळखी घराच्या जिन्यात शिरणाऱ्या भाच्याला मी लांबून बंदूक रोखून सांभाळत असतो, तेव्हा मी तेच करत असतो. 'पाठ राख' ही आज्ञा 'कव्हर दे'पेक्षा लांब नाही. म्हणून बघा तोंडाने.

आणखी एक निरीक्षण. उसन्या शब्दांना आपण बहुतेक 'मध्ये' लावतो, 'रूममध्ये', 'झोनमध्ये', 'कंपाउंडमध्ये'. घरच्या शब्दाला नुसता 'त' पुरतो, 'खोलीत', 'गवतात', 'विहिरीत'. म्हणजे 'रूममध्ये' म्हणताना आपण लांबचा रस्ता घेतो. पण बाहेरून आलेला शब्द मुरला की तोही 'त' घेतो. 'बँकेत' कुणाला खटकत नाही, आधीच्या पिढीचे लोक 'ऑफिसात' आणि 'स्टेशनात' सहज म्हणायचे. मी भाच्याला विचारलं, 'झोनात' म्हणशील का? त्याने जरा घोळवून पाहिलं आणि म्हणाला, "चालेल, पण आधी दुसऱ्या कुणीतरी म्हणायला पाहिजे."

काही शब्द तर मुलांनी कधीच मराठी करून टाकलेत, आपलं लक्ष नव्हतं एवढंच. 'रिव्हाइव्ह कर' कुणी म्हणत नाही, 'मला उठव' म्हणतात. 'प्रोन' नाही, 'झोप' म्हणतात, आणि 'गवतात झोपलाय' म्हटलं की समोर शत्रू आडवा पडून नेम धरतोय हे चौघांना कळतं. स्मोक टाकायचा तर 'धूर कर'. क्रियापदं सगळी आपली आहेत. आणि आज्ञार्थाला मराठीत एक अक्षर पुरतं, ये, जा, घे, दे. मला मात्र ती मुलं 'काका, पळा', 'काका, बसा' असं म्हणतात. गोळ्या सुटत असतानाही तो शेवटचा 'आ' सोडत नाहीत. मी एकदा सांगितलं, मॅचमध्ये 'पळ' म्हणा, वेळ वाचेल. ऐरोलीचा म्हणाला, "नाही जमणार काका, जीभ वळत नाही." मी पुन्हा काही बोललो नाही.

नेरूळच्या ताईंचं 'लिंबूटिंबू' मनाला फार लागलं. त्याच घरातला 'भिडू' आहे. पत्त्यांत, विटीदांडूत आपल्या बाजूचा तो भिडू. हिंदी सिनेमामुळे हा शब्द जॅकी श्रॉफ यांच्या नावाशी इतका जोडला गेला की २०२४ मध्ये आपलं नाव आणि आवाज यांबरोबर 'भिडू'च्याही परस्पर वापराविरुद्ध ते दिल्ली उच्च न्यायालयात गेले होते. पण खेळापुरता तो आपल्या अंगणातला शब्द आहे, आणि 'टीममेट'पेक्षा जवळचा आहे.

नौपाडा, ठाणे

'पाठराखण' वाचून समाधान वाटलं. एक भर घालतो. चौघांचा पूर्ण संघ एकाच वेळी पडला तर त्याला काय म्हणता? कबड्डीत समोरचे सातही गडी बाद झाले की लोण चढतो आणि जास्तीचे २ गुण मिळतात. 'लोण चढवला' म्हणून बघा. आणि 'वर्दी'साठी आग्रह धरू नका असं सुचवतो. 'कॉल' राहू द्या. वर्दी देण्याची सवय लागली की झालं, तिला नाव कुठलंही असो.

कोपरखैरणे

काल खेळलो आम्ही. काका लिहितील म्हणून थांबलो होतो, पण मीच लिहितो.

सुटे अंक चालले. 'एक-नऊ-पाच, पुलाखाली' असं मी सांगितलं आणि तिघांनी एकाच दिशेला बघितलं. 'पाठ राख' कुणाच्या तोंडात बसलं नाही, दोनदा म्हटलं, मग सुटलं. 'लोण' मात्र ऐरोलीच्याने लगेच उचलला, तो शाळेत कबड्डी खेळायचा.

शेवटी मी आणि काका दोघेच उरलो. समोर दुमजली घर, जिना बाहेरून. मला वर जायचं होतं आणि धीर होत नव्हता. काका म्हणाले, "पाठीशी आहे, जा." मी गेलो. वर दाराशी एक होता, तो पडला, दुसरा गच्चीत होता तो मला दिसला नाही. चौथे आलो.