हात पिठात असताना कोणाचा फोन वाजतोय, हे कसं ओळखायचं?

दांडियाबझार_फराळ

नमस्कार मंडळी. मी वडोदऱ्यात दांडिया बझारात घरून फराळाच्या ऑर्डरी घेते. चकली, कडबोळी, करंज्या, अनारसे, आणि भाजणी-मेतकूट बारा महिने. नवरात्र बसली की दिवाळीचे फोन सुरू होतात ते भाऊबीजेपर्यंत थांबत नाहीत. तक्रार नाही, त्याच्यावरच घर चालतं. पण माझे दोन्ही हात कोपरापर्यंत पिठात आणि फोन फ्रिजवर, असं रोजचं चित्र आहे. हात धुवा, पुसा, पळत जा, तर पलीकडून कोणीतरी लोन देतोय. बरं, नाही उचलला तर नेमका तो पुण्याहून लेकीचा असतो. नाहीतर वरच्या मजल्यावरून सासऱ्यांचा. ते ८४ वर्षांचे आहेत, जिना उतरत नाहीत, काही लागलं की फोनच करतात. तो चुकवून चालतच नाही.

तर मला फोनकडे न बघता, नुसत्या आवाजावरून चार प्रकार ओळखायचे आहेत: लेक, सासरे, माल देणारे (खंडेराव मार्केटचा तुपाचा व्यापारी, गॅसवाला, डबे आणि पिशव्यांचा माणूस) आणि गिऱ्हाइकं. एकेका नावाला वेगळी रिंगटोन लावता येते हे मला माहीत आहे, लेकीला लावलीसुद्धा. पण गिऱ्हाइकांचे दीडशे-दोनशे नंबर आहेत, ते एकेक करून कोण लावत बसणार? आणि नवीन गिऱ्हाईक तर यादीत नसतंच. ‘बेन, चकली थई गई?’ एवढंच विचारायला अनोळखी नंबरवरून फोन येतात आणि तेच आमचं उत्पन्न.

भाच्याने रिंगटोनचं एक ॲप टाकून दिलं होतं. त्यात रिंगटोनपेक्षा जाहिराती जास्त, काढून टाकलं. म्हणून कृपया ॲप सुचवू नका. फोन सॅमसंगचा आहे, दोन सिमचा, दुसरा खण रिकामा. ‘काम करताना फोन बंद ठेवा’ असं सांगणाऱ्यांनी आधी एक घाणा चकल्या गाळून दाखवाव्यात.

कोठीचा_मिस्त्री

ताई, दुकानावर रोज कोणी ना कोणी हेच विचारायला येतं. तुम्ही उलट्या बाजूने सुरुवात करा. दोनशे गिऱ्हाइकांना रिंगटोन लावायची गरजच नाही. फोनची जी नेहमीची रिंगटोन असते, तीच गिऱ्हाइकांची समजा. म्हणजे यादीतले, यादीबाहेरचे, लोनवाले, सगळे त्यात गेले. मग अपवाद तेवढे वेगळे करायचे. लेक, सासरे, आणि माल देणारे पाच-सहा जण. एका चहात काम संपतं.

सॅमसंगमध्ये तो संपर्क उघडा, पेन्सिलीवर दाबा, खाली ‘आणखी’ असं काहीतरी येतं ते उघडा, त्यात रिंगटोन आहे. मालवाल्यांचा एक ग्रुप करून ग्रुपलाच रिंगटोन देता येते, तीही सोय सॅमसंगच्या कॉन्टॅक्ट्समध्ये आहे. दुसऱ्या कंपनीचा फोन असलेल्यांना मात्र ती मिळेलच असं नाही.

आता एक बघून घ्या. ज्या नावाला रिंगटोनचा पर्यायच दिसत नाही, तो नंबर सिमवर साठवलेला आहे. सिममध्ये नाव आणि नंबर, एवढीच जागा असते. फोटो, रिंगटोन वगैरे तिथे बसत नाही. ते नंबर आधी फोनमध्ये किंवा गूगल खात्यात हलवा.

आणि दुसरा खण रिकामा का ठेवलाय? धंद्याचं सिम त्यात टाका. सिम एकची रिंगटोन वेगळी, सिम दोनची वेगळी, हे सेटिंगमध्ये साउंडखालीच आहे. या दिवाळीला पिशव्यांवर नवीन नंबर छापला की पुढच्या वर्षी निम्मं काम झालेलं असेल. जुना नंबर घरच्यांसाठी. बिझनेस व्हॉट्सॲपही त्याच नव्या नंबरवर चालू करा.

दांडियाबझार_फराळ

उलट्या बाजूने! हे डोक्यातच आलं नव्हतं. तुपाच्या व्यापाऱ्याचं नाव सिमवरच निघालं, जुन्या फोनपासून तिथेच पडून होतं. हलवलं.

नंबर बदलायचं मात्र या वर्षी नको. पिशव्या छापून आल्यात आणि माझी अर्धी गिऱ्हाइकं अशी आहेत की नंबर बदलला तर थेट दारात येऊन उभी राहतील.

आता आवाज कोणते घ्यावेत? फोनमधले सगळे सारखेच वाटतात, टुणटुण टुणटुण. मिक्सर चालू असताना तर काहीच कळत नाही. मी एका नाट्यपदाचा तुकडा लावून पाहिला, छान होता, पण गाणं सुरू होईपर्यंत फोन बंद.

सूरसागरचा_तबलजी

फराळताई, तुमच्या शेवटच्या वाक्यासाठी लिहायला बसलो. मी तबला शिकवतो. सूरसागरच्या काठी ज्या गायनशाळेची सुरुवात मौलाबक्षांनी १८८६ साली केली आणि जी आज विद्यापीठाची परफॉर्मिंग आर्ट्सची शाखा आहे, तिथेच शिकलो. माझे विद्यार्थी मोठ्या हौशीने ख्यालाचे तुकडे रिंगटोन म्हणून लावतात आणि मला ऐकवतात. मी म्हणतो, बाळा, तुझा फोन तुझ्या आलापाएवढा वेळ वाजत नाही.

दूरसंचार नियामक ट्रायने नोव्हेंबर २०१९ मध्ये ठरवून दिलं की मोबाइल न उचलल्यास ३० सेकंद वाजेल आणि लँडलाइन ६० सेकंद. त्या तीस सेकंदांत तुम्ही हात धुऊन फ्रिजपर्यंत पोहोचायचंय. म्हणून ओळख पहिल्या दोन सेकंदांत पटली पाहिजे. गाण्यातली सगळ्यात सुंदर जागा रिंगटोनच्या कामाची नसते. जिथे आवाज एकदम उठतो ती जागा कामाची. आलाप कापा, तानपुरा कापा, समेवरून, म्हणजे तालाच्या पहिल्या ठोक्यावरून, तुकडा सुरू करा. कापायला वेगळं ॲप लागत नाही. फोनच्या रेकॉर्डरमध्ये ध्वनिमुद्रण उघडलं की बहुतेक फोनांत छाटायची सोय असते.

दुसरं म्हणजे फोनचा स्पीकर नखाएवढा. त्यातून खर्ज निघत नाही. बायाचा, म्हणजे डाव्या हाताच्या डग्ग्याचा, घुमारा लावाल तर नुसतं खरखरेल, चाटीचा, म्हणजे उजव्या तबल्याच्या काठावरचा, ‘ना’ मात्र खणखणीत ऐकू येईल. मिक्सरचा आवाज सलग असतो, म्हणून त्यावर सलग सूर लावला की तो बुडतो. तुटक ठोके, मध्ये मोकळी जागा, असं काहीतरी घ्या. मंजिरी, घुंगरू, जलतरंग. कुकरच्या शिट्टीसारखं काही घेऊ नका, नाहीतर प्रत्येक फोनला गॅस बंद कराल.

जुनी नोकियाची धून आठवते? मूळ रचना स्पेनच्या फ्रान्सिस्को तारेगा यांची, गिटारवरची, १९०२ ची. फोनवर ती १९९४ पासून वाजू लागली. साथ नाही, ठेका नाही, सुरांची एकच ओळ आणि तीही पहिल्या क्षणापासून. मंगळ बझारच्या गर्दीत ती वाजली की दहा जण खिसे चाचपायचे. म्हणजे ऐकू यायला ती उत्तम होती आणि माणूस ओळखायला निरुपयोगी! तुम्हाला दोन्ही हवंय, म्हणून चार आवाज एकमेकांपासून लांबचे निवडा. चार गाणी घेऊ नका, चार वाद्यं घ्या. एक कातड्याचं, एक धातूचं, एक फुंकेचं आणि एक माणसाचा आवाज. आणि निवड झाली की मिक्सर सुरू करून, पाठ फिरवून, कोणालातरी फोन करायला सांगून ऐका. शांत दिवाणखान्यात बसून निवडलेली रिंगटोन स्वयंपाकघरात फसते.

अवांतर: सासऱ्यांच्या स्वतःच्या फोनवर काय आहे तेही एकदा बघा. वयाबरोबर उंच पट्टीचे आवाज आधी ऐकू येईनासे होतात. त्यांना घुंगरू नको. मध्य सप्तकातली पेटी किंवा सनई लावा.

माहेर_वडोदरा_सासर_पुणे

तबलजीकाकांना नमस्कार. मी चौथ्या आवाजाबद्दल सांगते, माणसाच्या. माझ्या आईच्या फोनवर माझ्याच आवाजात ‘आई, उचल गं, मी आहे’ असं वाजतं. ती भाजीवाल्यापुढे उभी असली की भाजीवाला सांगतो, ‘बेन, तमारी दीकरी’. तुमच्या लेकीकडून तसंच मागवा. फक्त व्हॉट्सॲपवर व्हॉइस नोट म्हणून नको, ती रिंगटोनच्या यादीत बऱ्याचदा दिसतच नाही. तिने स्वतःच्या फोनच्या रेकॉर्डरवर बोलून ती फाइल डॉक्युमेंट म्हणून पाठवायची. तुमच्याकडे आली की फाइल मॅनेजरमधून उचलून ‘Ringtones’ नावाच्याच फोल्डरमध्ये टाका, दुसरीकडे कुठेही ठेवू नका. तिथे टाकलेली फाइल यादीत आपोआप दिसते. व्हॉट्सॲपच्या फोल्डरमधूनच लावली आणि पुढे जागा करायला कोणी ते फोल्डर साफ केलं, तर फाइल जाते आणि फोन गुपचूप जुन्या रिंगटोनवर येतो. साफसफाई करणारे भाचे सगळ्यांकडे असतात.

वाक्य छोटं ठेवायला सांगा आणि सुरुवातीचा ‘अं… हॅलो… हां’ कापायला सांगा. माझ्यात तो राहिलाय, आई काढू देत नाही.

अजून एक सोय आहे. गूगलचं फोन ॲप असेल तर त्यात कोणाचा फोन आहे ते नाव मोठ्याने वाचायचा पर्याय असतो. हात पिठात असताना खरं तर हेच सोपं. पण नावं आपण इंग्रजी अक्षरांत साठवतो, आणि मग तो फोन आमच्या वाडीतल्या काकूंना अशा काही नावाने पुकारतो की फोन सोडून हसू येतं.

अलकापुरी_आयफोन

इथे सगळं अँड्रॉइडचं चाललंय, आयफोनवाल्यांसाठी थोडक्यात. संपर्क, एडिट, रिंगटोन, हे सोपं. अडचण आपला तुकडा आत घालायची होती. ॲपलच्या गॅरेजबँड ॲपमधून फिरवून आणावा लागायचा, शिकवताना समोरच्याचा आणि आपला दोघांचाही जीव जायचा. आयओएस २६ पासून ते सुटलं. फाइल्समध्ये ३० सेकंदांपेक्षा छोटी ध्वनिफीत असली की शेअर दाबून थेट रिंगटोन करता येते. आणि त्याच रिंगटोनच्या पानावर ‘इमर्जन्सी बायपास’ आहे. तो चालू केला की फोन सायलेंटवर असला तरी त्या माणसाचा फोन वाजतो. घरातल्या वडीलधाऱ्यांना हा जरूर लावा.

ज्यांनी ज्यांनी मला खासगीत ‘पलीकडच्याला गाणं कसं ऐकवायचं’ विचारलंय त्यांना: ती कॉलर ट्यून. ती सिम कंपनीकडून लावायची असते, फोनच्या सेटिंगमध्ये शोधत बसू नका.

दांडियाबझार_फराळ

झालं मंडळी. गिऱ्हाइकांना तबल्याची चाट, तबलजीकाकांनी सांगितली तशी, मिक्सरवरून स्वच्छ ऐकू येते. मालवाल्यांच्या ग्रुपला मंजिरी. सासऱ्यांना सनई लावली, तर ते म्हणाले, मला पाणी हवं असलं की घरात लग्न लागतं काय? पण आवडलीय. त्यांच्या फोनवरही पेटी टाकली, आता दुपारी माझा फोन पहिल्या रिंगला उचलतात. लेकीने मात्र ‘आई, चकली ठेव, फोन घे’ असं रेकॉर्ड करून पाठवलं. काल ते वाजलं तेव्हा दारात गिऱ्हाईक उभं होतं आणि विचारलं, चकली खरंच ठेवलीय का, दोन किलो द्या.

सासऱ्यांसारखंच मलाही दुपारी तासभर आडवं व्हायचं असतं. त्या वेळात फक्त सनई आणि लेक वाजावी, बाकी सगळं गप्प, असं होतं का? आयफोनवाल्यांचं ते बायपास माझ्याकडे दिसत नाही.

कोठीचा_मिस्त्री

होतं. दोघांच्या नावापुढे तारा लावा, म्हणजे ते आवडत्यांत जातील. मग ‘डू नॉट डिस्टर्ब’ उघडा, वेळ दुपारी दोन ते तीन घाला, रोज. कॉलमध्ये ‘फक्त आवडते संपर्क’ निवडा. आता तिथेच खाली ‘पुन्हा फोन करणारे’ असा एक पर्याय असतो. म्हणजे तोच नंबर १५ मिनिटांच्या आत दुसऱ्यांदा आला तर फोन त्याला तातडीचा समजून वाजू देतो. तो आधी बंद करा ताई. दिवाळीच्या आठवड्यात तुमचं प्रत्येक गिऱ्हाईक १५ मिनिटांत दुसऱ्यांदा करतंच. आणि माझी अर्धा किलो भाजणीची चकली लिहून घ्या, फोन करत नाही.