मदत हवी आहे : फिनलंडचा कॅमेरामन, उद्याच बोलायचंय

फिरकीवाला :
उद्या फिल्म क्लबात त्या फिनिश कॅमेरामनवर बोलायचंय. त्या एका दिग्दर्शकाचे सिनेमे सोडून त्याने दुसरं काय केलंय? नेटवर सगळीकडे दिग्दर्शकाचंच पुराण. लवकर सांगा प्लीज.

रातकिडा :
कुठला कॅमेरामन? कुठला दिग्दर्शक? नाव लिहायला जीएसटी लागतो का?

फिरकीवाला :
अहो, फिनिश दिग्दर्शक अकी कौरिस्मॅकीचा! अजून कोण असणार?

माईआजी :
कौरिस्मॅकीचा ‘ल आव्र’ पाहिलाय. बूटपॉलिशवाला आणि तो आफ्रिकन पोरगा. फार गोड.

डोंबिवलीचे काका :
कॅमेरामनचं नाव टिमो साल्मिनेन. ‘दुसरं काय’ कशाला शोधताय? १९८३च्या ‘क्राइम अँड पनिशमेंट’पासून २०२३च्या ‘फॉलन लीव्ह्ज’पर्यंत तीच जोडी, चाळीस वर्षं! ‘आय हायर्ड अ काँट्रॅक्ट किलर’ लंडनमध्ये रंगीत, ‘ला व्ही द बोएम’ पॅरिसमध्ये कृष्णधवल, १९९९चा ‘युहा’ तर मूकपट. निळी-हिरवी भिंत, नटावर थेट कडक दिवा, मागे ठसठशीत सावली, कॅमेरा बहुतेक वेळा जागच्या जागी. यावरच बोला.

रिळवेडा :
ती सगळी ३५ मिमी फिल्मची करामत. डिजिटलवर तो रंग येणे नाही.

डोंबिवलीचे काका :
काहीही! रंग भिंतीला असतो, फिल्मला नाही. आमच्या एकांकिकेत दोन हॅलोजनवर हाच परिणाम साधला होता.

रिळवेडा :
एकांकिका?? धन्य.

रातकिडा :
कॅमेरा हलवायचाच नाही तर मग कॅमेरामनने करायचं काय?

रिळवेडा :
फ्रेम लावायची. चुकली तर हलून लपवता येत नाही.

परदेशस्थ :
मूळ प्रश्न वाचला का कुणी? ‘हाउहा’ बघा, २०१४, कॅमेरा साल्मिनेनचाच. दिग्दर्शक अर्जेंटिनाचा लिसांद्रो आलोन्सो, नायक व्हिगो मॉर्टेन्सन. पॅटागोनियाचं उघडं माळरान, पण चौकट जवळपास चौकोनी आणि कोपरे गोल, जुन्या स्लाइडसारखे. माणसं मात्र उघड्यावरही स्टुडिओत उभी केल्यासारखी उजळलेली. हा उजेड कौरिस्मॅकीच्या सिनेमांतल्या हेलसिंकीच्या बारमधून आलाय, आणि इथे तर कौरिस्मॅकी नाही! आलोन्सोच्या २०२३च्या ‘युरेका’मध्येही छायाचित्रणाला साल्मिनेनचं नाव आहे, दुसऱ्या एकाबरोबर. माझ्या मते तुमचं भाषण ‘हाउहा’वरच उभं राहील.

माईआजी :
‘ल आव्र’मधली कुत्री लायका दिग्दर्शकाच्या घरचीच ना?

फिरकीवाला :
आजी, कुत्रीवर नाही बोलायचंय! परदेशस्थ, ‘हाउहा’ आज रात्रीत कुठे बघायला मिळेल? सबटायटल्ससकट.

रातकिडा :
क्लब कुठल्या गावातला, ते अजून सांगितलं नाहीत. आम्हीही आलो असतो.